खादीचा तिरंगा की पॉलिस्टरचा?

ऑगस्टात कोल्हापुरात महाद्वार रोडवर पॉलिस्टरचे झेंडे ढिगानं दिसतात. स्वस्त, हलके, आणि आपल्याकडच्या पावसात भिजले तरी तासाभरात कोरडे. खादी मात्र पाणी पिऊन जड होते, काठीला चिकटून बसते. सोयीचा हिशोब इथंच संपला.

पण १९२१ साली गांधीजींनी सुचवलेल्या झेंड्यावर चरखा होता. २२ जुलै १९४७ ला संविधान सभेनं तिरंगा स्वीकारला तेव्हा चरख्याच्या जागी २४ आऱ्यांचं अशोकचक्र आलं. चरखा चित्रातून गेला, तरी कापडातून गेला नव्हता. हातानं कातलेलं सूत हाच अर्धा संदेश होता. तो खादीचा ध्वज आजही आपल्या शेजारी कर्नाटकात, हुबळीच्या बेंगेरीत तयार होतो.

३० डिसेंबर २०२१ च्या दुरुस्तीनं ध्वजसंहितेत पॉलिस्टर आणि यंत्रावरचं कापड आलं. विणकरांना ते झोंबलं, आणि त्यांचं चुकलं असं मला वाटत नाही. पण त्यामुळेच एरवी फक्त शाळेत आणि कचेरीवर दिसणारा झेंडा गल्लीतल्या पत्र्याच्या घरावरही चढला, हेही खरं.

माझं मत? सोसायटीच्या, तालमीच्या ध्वजारोहणाला खादीच. घरावर पॉलिस्टर चालेल. फक्त सोळा तारखेला तो गटारीत नको. फाटलेला ध्वज खासगीत, मानानं, शक्यतो जाळून नष्ट करायचा असतो. पॉलिस्टर जाळताना काळा धूर निघतो आणि वितळलेला गोळा मागं उरतो. खादीची नुसती राख होते.