‘राधाचं घर’ आमच्या घरी

‘राधाचं घर’ हा चित्रपुस्तकांचा संच माधुरी पुरंदरे यांचा. त्या लिहितात आणि चित्रंही स्वतःच काढतात. मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात आणि पॅरिसमध्ये कला शिकलेल्या, मराठीत ‘पिकासो’ हे त्या चित्रकाराचं चरित्र लिहिणाऱ्या बाईंनी इतक्या छोट्या मुलांसाठी हा संच केला, याचं मला फार अप्रूप वाटतं. २०१४ साली त्यांना साहित्य अकादमीचा बालसाहित्य पुरस्कार मिळाला. माझ्या तीन वर्षांच्या नातीला ते कळायचं नाही. ती आजीच्या चित्रावर बोट ठेवते, “तुझ्यासारखीच आहे गं,” म्हणते आणि पान उलटू देत नाही. परी नाही, राक्षस नाही, घरातलीच माणसं. वाक्यं आपण बोलतो तशी, म्हणून मोठ्यानं वाचताना जीभ अडखळत नाही. कालपासून दिवेलागणीला तीच मला वाचून दाखवते, चित्रांवरून.