नकाशे मोजून देणारं दुकान

युद्धाचं पुस्तक हातात आलं की मी पहिलं पान वाचत नाही. मागून उघडतो आणि नकाशे शोधतो. सवय पलटणीतली. सतरा वर्षं मराठा लाईट इन्फंट्रीत काढली, हवालदार म्हणून पेन्शनवर आलो. नदी कुठल्या अंगाला, चढ कुठं, पाणी कुठून आणायचं हे कळल्याशिवाय लढाई माझ्या डोक्यात बसत नाही. साताऱ्यात राजपथावरून आत वळलेल्या एका बोळात जुन्या पुस्तकांचं दुकान आहे, तिथं मी चार वर्षं जातोय. त्याच्याबद्दल लिहायचं कधीपासून मनात होतं.

दुकान लहान आहे. दोन माणसं आत असली की तिसऱ्यानं पायरीवर थांबायचं. अभ्यासाची पुस्तकं, कादंबऱ्या, दिवाळी अंक समोर. डाव्या भिंतीला जमिनीपासून छतापर्यंत फक्त लढाया. मालकांना सगळे काकाच म्हणतात. ते लेखकाचं नाव विचारत नाहीत, विचारतात, "कुठली लढाई?" कारण भिंत लढायांप्रमाणे लावलेली आहे. पानिपत म्हटलं की भाऊसाहेबांची बखर, इतिहासकार शेजवलकरांचं पुस्तक आणि काशीराजाची हकिकत एकाच कप्प्यातून बाहेर येते. काशीराज आपल्याच मुलखातला, पण १४ जानेवारी १७६१ ला तो अब्दालीच्या बाजूच्या शुजाउद्दौल्याच्या छावणीत होता. बखरकार रडतो, काशीराज कारकुनासारखी नोंद ठेवतो. दोन्ही एका बैठकीत वाचा, असं काकांनी मला सांगितलं आणि तीन पुस्तकं मिळून ५४० रुपये घेतले.

पण मी तिथं परत परत जातो ते पेन्सिलीच्या खुणांसाठी. प्रत्येक पुस्तकाच्या पुठ्ठ्याच्या आत किंमत लिहिलेली असते आणि तिच्याखाली त्यात काय नाही ते. "नकाशा ३ नाही." "पृ. २११ ते २१४ गहाळ." "बांधणी नवी, कडा कापल्यात." गिऱ्हाईक विचारो न विचारो.

याची किंमत मला एका फसवणुकीनंतर कळली. दोन वर्षांपूर्वी मेसोपोटेमियाच्या, म्हणजे आजच्या इराकच्या, पहिल्या महायुद्धातल्या मोहिमेवरचं एक जुनं इंग्रजी पुस्तक मी ऑनलाइन मागवलं. नव्यानं छापलेलं, ११०० रुपये. मूळ पुस्तकात घडीचे मोठे नकाशे होते. स्कॅन करणाऱ्यानं घड्या उघडल्याच नव्हत्या. मिटलेल्या कागदाचा फोटो तसाच छापलेला: तायग्रिस नदीचा बोटभर तुकडा आणि बाकी सगळं कोरं. परत घ्या म्हटलं तर विकणाऱ्यानं कळवलं, पानं पूर्ण आहेत. त्या दिवशी मला खरंच वाईट वाटलं, पैशांपेक्षा दुसऱ्या कारणानं.

आमच्या घरात पहिल्या महायुद्धाला पहिलं महायुद्ध म्हणत नाहीत, "बसरा" म्हणतात, इराकातल्या त्या बंदरावरून. आजी सांगायची, "मामंजी बसऱ्याला व्हते. घोड्याचं मटण खाल्लं न्हाई म्हणून पार वाळून गेले व्हते." लहानपणी आम्हाला ती गोष्ट वाटायची. आमच्या जिल्ह्यात अशी घरं पुष्कळ. अपशिंगे मिलिटरी या एकाच गावातले ४६ जण त्या युद्धात कामी आले. पण कोणाच्या घरी कागद नाही, कोण कुठं लढला ते ठाऊक नाही.

तेच पुस्तक, जुन्या छपाईचं, काकांकडे सापडलं. आत लिहिलं होतं: "नकाशे ५ पैकी ४. पाचवा नाही. ६५०." काकांनी टेबलावरचे दिवाळी अंक बाजूला केले आणि कूटचा नकाशा घडी न घडी सोडवत पसरला. तायग्रिसकाठच्या या गावात इंग्रजांच्या फौजेला तुर्कांनी वेढलं होतं. गाव नदीच्या वळणात आहे, तीन बाजूंना पाणी. उरली एकच बाजू, आणि तिथं तुर्कांचे खंदक. शिपाई माणसाला एवढं पुरतं. आत गेलेली फौज बाहेर का येऊ शकली नाही, ते मला उभ्या उभ्या समजलं. आत अडकलेल्या सहाव्या पुणे डिव्हिजनमध्ये १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या. वेढा ७ डिसेंबर १९१५ पासून २९ एप्रिल १९१६ पर्यंत, दोन्ही टोकं धरून १४५ दिवस. शिधा संपत आला तेव्हा घोडी कापायला लागले, आणि कित्येक हिंदी शिपायांनी ते मांस खायला नकार दिला, धर्म जाईल आणि गावी तोंड कसं दाखवायचं म्हणून. हे मी पायरीवर बसून वाचलं. आजी खरं बोलत होती.

आता उणिवा. भिंतीवरची बहुतेक जाड पुस्तकं साहेबांनी लिहिलेली आहेत. इंग्रज आणि शिंद्यांच्या असईच्या लढाईचं उदाहरण घ्या. २३ सप्टेंबर १८०३. कैलना नदीच्या दोन काठांवर समोरासमोर दोन गावं दिसली, त्यावरून इंग्रज सेनापती वेलस्लीनं ताडलं की मधे उतार असणारच, आणि फौज तिथून पार केली. डोकं आहे, मान्य. पण त्या दिवशी त्याचे दीड हजारांवर लोक मेले नि जखमी झाले, ते शिंद्यांच्या तोफांनी आणि कवायती पायदळानं. त्या गोलंदाजांच्या बाजूनं लिहिलेलं जाडजूड मराठी पुस्तक मी काकांकडे चार वर्षं मागतोय, अजून मिळालेलं नाही. हा दोष दुकानाचा नाही, तरी तिथं उभं राहिलं की सलतो.

याउलट अजिंक्यताऱ्याचा कप्पा भरलेला आहे. सेतुमाधवराव पगडींनी फारसी साधनं मराठीत आणली म्हणून मोगलांची बाजू आपल्याला घरबसल्या कळते. डिसेंबर १६९९ मध्ये औरंगजेबानं करंज्याला तळ दिला. वर प्रयागजी प्रभू किल्लेदार. एप्रिलमध्ये मोगलांनी सुरुंग उडवले, तर दुसऱ्या सुरुंगानं तट बाहेरच्या अंगाला, चढाईसाठी खाली उभ्या असलेल्या त्यांच्याच माणसांवर कोसळला. पुस्तक पिशवीत टाकून त्याच संध्याकाळी मी किल्ल्यावर गेलो आणि करंज्याच्या दिशेला बघत बराच वेळ बसलो. साताऱ्यात राहणाऱ्यानं हे एकदा तरी करावं.

भाषांतरित पुस्तकं घेताना मात्र जपून. दुकानातल्याच एका पुस्तकात "प्रायव्हेट" या हुद्द्याचं भाषांतर "खासगी सैनिक" केलंय आणि दारूगोळ्याच्या मॅगझिनचं "मासिक". माणूस मरतोय आणि शेजारी मासिक पेटलंय. ज्यानं साधा शिपाई म्हणायचे कष्ट घेतले नाहीत, त्याला त्या शिपायाच्या मरणाचं काय? मी काकांना ती पानं दाखवली. त्यांनी पेन्सिल काढून पुठ्ठ्याच्या आत लिहिलं: "भाषांतर सदोष", आणि किंमत २०० ची ९० केली.

बाकी किरकोळ. वरच्या दोन फळ्यांना स्टूल लागतं आणि ते डुगडुगतं, वयस्कर माणसानं चढू नये. पावसाळ्यात ओल येते, जुलैत घेतलेलं पुस्तक घरी नेऊन आधी उन्हं दाखवा, कसर असते. दुपारी एक ते चार बंद. गाडी आत नेऊ नका. लढायांच्या भिंतीवर घासाघीस चालत नाही, करूही नये.

हे लिहायला बसलो ते गेल्या मंगळवारच्या फोनमुळे. "हवालदार, तुमचा पाचवा नकाशा घावला." कुणाच्या तरी वाड्यातून आलेल्या रद्दीत, घोड्यांच्या औषधोपचाराच्या एका पुस्तकात तो घडी करून ठेवलेला होता. कूट सोडवायला खालून येणाऱ्या फौजेचा नकाशा: हन्ना, दुजैला, सन्नैयात. त्या प्रयत्नात २३,००० च्या आसपास माणसं मेली नि जखमी झाली आणि तरी फौज कूटपर्यंत पोचली नाही. मी पैसे पुढे केले. काका म्हणाले, "पुस्तकाचे दिलेत ना मागंच? मग हा तुमचाच." आणि माझं पुस्तक मागून घेऊन "५ पैकी ४" खोडलं.