एमएस्सी फिजिक्सनंतर पीएचडी की स्टार्टअप? दोन्ही केलेल्या एका सोलापूरकराचा आढावा

जुळे सोलापुरात राहणारी माझी भाची यंदा एमएस्सी फिजिक्सच्या शेवटच्या सत्रात आहे. मागच्या रविवारी ती घरी आली आणि टेबलावर दोन कागद ठेवले. एक नेट या पात्रता परीक्षेच्या अर्जाची प्रिंट, दुसरा पुण्यातल्या एका स्टार्टअपचं ऑफर लेटर. म्हणाली, ‘‘मामा, तुम्ही दोन्ही केलंय. सांगा.’’

तिच्याशी तीन तास बोललो. ही अडचण दरवर्षी कुणा ना कुणाच्या घरात येतेच, म्हणून ते सगळं इथं मांडतोय.

माझं थोडक्यात सांगतो. २०११ ला केगावच्या सोलापूर विद्यापीठातून एमएस्सी केलं. एक वर्ष तासिका तत्त्वावर शिकवलं. २०१२ ला जेआरएफ म्हणजे संशोधनासाठीची ज्युनिअर फेलोशिप मिळाली, २०१७ ला पुण्यात पीएचडी झाली. विषय होता चुंबकीय पदार्थांचं संगणकावरचं सिम्युलेशन. त्यानंतर तीन इंटरनेट स्टार्टअपमध्ये सॉफ्टवेअर इंजिनिअर. पहिलं बंद पडलं, दुसरं एका मोठ्या कंपनीनं विकत घेतलं, तिसऱ्याचं काम मी होटगी रोडवरच्या घरातून करतो.

आधी पैशाचं

घरात पहिला प्रश्न हाच निघतो आणि तो निघायलाच हवा. जेआरएफला आज महिना ३७,००० रुपये मिळतात, दोन वर्षांनी एसआरएफ (सीनिअर फेलोशिप) झालं की ४२,०००, शिवाय घरभाडं. मी लागलो तेव्हा १६,००० होते, ऑक्टोबर २०१४ पासून २५,००० झाले. भाचीच्या ऑफर लेटरमध्ये हातात येणारी रक्कम महिना ४० हजारांच्या आसपास होती. म्हणजे पहिल्या वर्षी दोन्हीकडे जवळपास सारखंच. पहिल्या पगाराकडे बघून निवड करायची तर निवडीला आधारच उरत नाही.

फरक पुढे पडतो. फेलोशिप पाच वर्षांची असते आणि ती हातात येते तुकड्यातुकड्यानं. माझे एकदा सात महिन्यांचे पैसे एकदम जमा झाले. मधले सहा महिने मित्रांकडून उसने घेऊन मेसचं बिल भागवलं. स्टार्टअपमध्ये तीन वर्षांत माझा पगार तिपटीच्या वर गेला. पण तिथं एक गोष्ट डोळ्यांत तेल घालून बघावी लागते: पत्रावरचा आकडा आणि हातातली रक्कम. वार्षिक पॅकेजमध्ये कंपनीच्या वाट्याचा पीएफ, ग्रॅच्युइटी, ‘कामगिरीनुसार’ मिळणारा भाग आणि कधीकधी ईसॉप, असं सगळं मोजलेलं असतं. सरळ विचारा, ‘‘दर महिन्याला खात्यात किती जमा होणार?’’ विचारण्यात काही लाज नाही.

ईसॉप म्हणजे कंपनीचे शेअर ठरलेल्या किमतीला घेण्याचा हक्क. तो साधारण चार वर्षांत थोडा थोडा तुमचा होतो. पहिलं वर्ष भरण्याआधी नोकरी सोडली तर बहुधा काहीच मिळत नाही. पुढची मेख अशी की तुम्ही तो हक्क वापरता तेव्हा शेअरची त्या दिवशीची किंमत आणि तुम्ही भरलेली किंमत यांतला फरक पगारात धरून त्यावर कर लागतो. शेअर विकून एक रुपया हातात आलेला नसतानाही. नोकरी सोडल्यावर हा हक्क वापरायला अनेक ठिकाणी जेमतेम तीन महिने देतात. माझ्या दुसऱ्या कंपनीत ईसॉपचे चांगले पैसे झाले, पहिल्या कंपनीतले सगळे शून्यावर गेले. म्हणून भाचीला सांगितलं की ईसॉपची किंमत शून्य धरून ऑफर परवडते का ते बघ. परवडत नसेल तर नको.

काम रोजचं कसं असतं

इथं मला जास्त बोलायचंय, कारण पगारापेक्षा यानं माणूस टिकतो किंवा मोडतो.

पीएचडीत एकच प्रश्न चार-पाच वर्षं उशाशी असतो. माझं एकेक सिम्युलेशन आठवडाभर चालायचं. उत्तर चुकलं तर नुकसान माझं एकट्याचं. कोड मीच लिहायचो, मीच वाचायचो. फंक्शनचं नाव ‘ए२ नवीन अंतिम’ ठेवलं तरी कुणी विचारत नव्हतं. गाइड आलेख बघायचे. कोड त्यांनी एकदाही उघडला नाही.

स्टार्टअपमध्ये सकाळी लिहिलेलं संध्याकाळी हजारो लोकांच्या मोबाइलवर जातं. आमचं पहिलं स्टार्टअप किराणा दुकानदारांना ऑनलाइन पैसे घेण्याची सोय देत होतं. रोज रात्री प्रत्येक दुकानदाराचा हिशोब काढायचा, त्यातून दीड टक्का कमिशन वजा करायचं, हे काम माझ्याकडं आलं. मी पैसे दशांश अपूर्णांकात ठेवले, जसं आयुष्यभर ठेवत आलो होतो. आठवड्यानं हिशोब बघणाऱ्या ताई माझ्याकडं आल्या: अमुक दुकानात सतरा पैशांचा फरक येतोय. मी म्हणालो, ‘‘लाखभर रुपयांत सतरा पैसे, सोडून द्या.’’ त्या शांतपणे म्हणाल्या, ‘‘सर, जुळलं नाही म्हणजे जुळलं नाही.’’

रात्री बसून शोधलं. ६७ रुपयांवर दीड टक्का म्हणजे १ रुपया आणि अर्धा पैसा. ताईंच्या रीतीनं अर्ध्याला वर न्यायचं, म्हणजे १.०१. पण संगणक १.००५ ही संख्या द्विमान पद्धतीत नेमकी साठवू शकत नाही. त्याच्या पोटात ती १.००४९९९… अशी असते, म्हणून तो खाली जाऊन १.०० देतो. एका व्यवहारात एक पैसा. दुसऱ्या दिवशी मी सगळे हिशोब पूर्णांक पैशांत नेले, रुपया हा फक्त पडद्यावर दाखवण्यापुरता ठेवला. भौतिकशास्त्रात मोजमापाची त्रुटी आपण मानानं लिहितो, ‘अधिक-उणे इतकं’. दुकानदाराच्या पैशात अधिक-उणे नसतं. ही सवय मोडायला मला वर्ष लागलं, आणि ती मोडली कारण तिथं माझं काम दुसरं कुणीतरी रोज तपासत होतं.

आता आपली जमेची बाजू. एका संध्याकाळी सात वाजता ॲप अडकलं. इंजिनिअरिंग केलेले माझे सहकारी सर्व्हर वाढवायच्या गडबडीत होते. मी कागद घेतला. सेकंदाला सुमारे १२० विनंत्या येतायत, प्रत्येक विनंती डेटाबेसचं कनेक्शन पाव सेकंद धरून बसतेय, गुणाकार ३०. आम्ही ठेवलेली कनेक्शन होती २०. येणाऱ्यांचा वेग गुणिले थांबण्याचा वेळ बरोबर आत असलेली माणसं, एवढाच हिशोब. जॉन लिटल यांनी १९६१ मध्ये त्याची सिद्धता दिली. सर्व्हर दुप्पट केले असते तरी रांग त्याच दारात अडकली असती. पाव सेकंद का लागतोय ते शोधलं तर डेटाबेसच्या एका टेबलावर इंडेक्स, म्हणजे नोंदी झटकन शोधून देणारी सूची, नव्हता. तो टाकला आणि वेळ २० मिलिसेकंदांवर आला. मग ३० च्या जागी तीनही कनेक्शन लागेनात.

तसंच एकदा सर्व्हर अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर ठेवायचा की मुंबईत यावर वाद चालला होता. काचेच्या तंतूत प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. अमेरिका १३,००० किलोमीटर. जाऊन-येऊन १३० मिलिसेकंद निसर्गच घेणार, कितीही हुशार प्रोग्रामर आणा. वाद तिथं मिटला. ढोबळ अंदाज, एककं तपासणं, आकडा कुठून आला ते विचारणं: फिजिक्सनं दिलेली ही शिदोरी स्टार्टअपमध्ये रोज उघडावी लागते. क्वांटम मेकॅनिक्स मला नोकरीत एकदाही लागलेलं नाही, आणि त्याची हुरहूर आजही आहे. ज्यांना ती हुरहूर सोसणार नाही त्यांनी पीएचडीच करावी, हे मी मनापासून सांगतो.

मोठ्यांच्या उदाहरणांना किती धरायचं

टिम बर्नर्स-ली ऑक्सफर्डहून १९७६ ला फिजिक्सची पदवी घेतलेले. वेबचा प्रस्ताव त्यांनी १९८९ ला सर्न या युरोपातल्या भौतिकशास्त्राच्या प्रयोगशाळेत मांडला. लिंक्डइनवरचं ‘तुमच्या ओळखीचे लोक’ हे जोनाथन गोल्डमन यांचं काम. ते स्टॅनफर्डहून फिजिक्समध्ये पीएचडी करून २००६ ला तिथं गेले. भाचीनं ही नावं वाचली होती. फिजिक्सवाला या कामाला परका नाही, एवढं त्यातून नक्की कळतं. पण स्टॅनफर्डच्या शेजारीच लिंक्डइनसारख्या कंपन्या होत्या, आणि आपल्याकडं मुलाखतीला जायचं तर पहाटे उठून हुतात्मा एक्स्प्रेस धरावी लागते. त्यांची गोष्ट ही आपल्या निर्णयाची आकडेवारी होत नाही.

मोठी आयटी कंपनी

यावर फार लिहीत नाही. टीसीएस, विप्रोसारख्या कंपन्या बीएस्सीवाल्यांसाठी वेगळी भरती घेतात. पगार वेळेवर, पीएफ वेळेवर, शिकवणीही देतात. पण कुठल्या प्रोजेक्टवर टाकतील ते तुमच्या हातात नसतं. घरावर कर्ज असेल आणि एक महिनाही पगार चुकून चालणार नसेल तर डोळे झाकून इथं जा, दोन वर्षांनी पुन्हा विचार करा.

कंपनी बुडाली तर

आमच्या घरात हा प्रश्न जिवंत आहे. आजोबा गिरणीत होते. गिरणी बंद पडल्यावर थकबाकीसाठी त्यांनी मारलेल्या चकरा आईनं पाहिल्यात. त्यामुळं २०१९ ला माझं पहिलं स्टार्टअप बंद पडलं तेव्हा फोनवर ती काही बोललीच नाही.

शेवटचे दोन पगार मिळाले नाहीत. त्याहून लागलं ते असं की पगारातून पीएफ कापला जात होता आणि चार महिने तो भरलाच गेला नव्हता. मालकांनी शेवटपर्यंत ताकास तूर लागू दिली नाही. मी पासबुक बघितलं असतं तर दुसऱ्याच महिन्यात कळलं असतं. म्हणून दर महिन्याला उमंग ॲपवर पीएफ पासबुक उघडा. भरणा थांबला की समजा तिजोरीला गळती लागलीय, आणि त्या दिवसापासून नोकरी शोधा.

मुलाखतीत एक हिशोब नक्की विचारा: बँकेत किती आहेत आणि महिन्याला किती जातात. तीन कोटी आहेत, महिना पंचवीस लाख जातात, तर वर्षभर. चांगले संस्थापक हे सांगतात. न सांगणाऱ्याकडं मी पुन्हा गेलेलो नाही.

पण दुसरी बाजूही बघा. कंपनी बंद पडून पाच आठवड्यांत मला दुसरी नोकरी लागली, कारण दीड वर्षात दाखवण्यासारखं काम हातात होतं. पीएचडीनंतर कॉलेजात कायम जागेची वाट बघणारे माझे मित्र आज चाळिशीकडं आलेत. नेट-सेट झालेले, शिकवण्यात हातखंडा असलेले. तासिका तत्त्वावर वर्ग घेतला तर पैसे, सुट्टीत काही नाही, आणि बिल निघायला महिने. माझं ते एक वर्ष आठवलं की वाटतं, हाही एक बंद पडलेला कारखानाच. फक्त त्याचा भोंगा रोज वाजतो. या माणसांवर झालेल्या अन्यायाबद्दल आपण पुरेसं बोलत नाही.

मधली वाट

ही भाचीला माहीतच नव्हती. खोडदच्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बीण केंद्रात ४५ मीटर व्यासाच्या ३० दुर्बिणी आहेत. त्या चालवणं, त्यांचा डेटा गाळणं हे सगळं सॉफ्टवेअर आहे. पुण्यात एनसीआरए आणि आयुका या खगोलशास्त्राच्या संस्था आहेत. हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ लायगो-इंडिया या गुरुत्वीय लहरी टिपणाऱ्या वेधशाळेला एप्रिल २०२३ मध्ये सुमारे २,६०० कोटींची मंजुरी मिळालीय. अशा ठिकाणी फिजिक्स कळणारा आणि नीट कोड लिहिणारा माणूस लागतो. नेमणुका बऱ्याचदा प्रकल्पापुरत्या असतात, हे धरून चाला. स्टार्टअपमध्ये तीन वर्षं घासलेला हात इथं उपयोगी पडतो, उलट दिशेनंही.

सोलापुरातून काम

आज मी घरी बसून काम करतो. दुपारी आईच्या हातची कडक भाकरी आणि शेंगाचटणी, संध्याकाळी मुलीला सिद्धेश्वर तलावावर नेतो. हे सुख खरं आहे. पण पहिल्याच नोकरीत हे मागू नका. मी जे शिकलो ते शेजारच्या खुर्चीवरच्या माणसानं माझ्या स्क्रीनकडं बघून ‘‘हे असं का केलंस?’’ विचारलं म्हणून शिकलो. पहिली दोन वर्षं पुण्याला किंवा बंगळुरूला खोली घेऊन राहा. परतीची गाडी कुठं जात नाही.

भाचीनं शेवटी वही काढली. कंपनीला विचारायचं: माझा कोड रोज कोण वाचणार, त्या माणसाशी बोलता येईल का, आणि पैसे किती महिन्यांचे आहेत. ज्यांच्याकडं पीएचडी करायची इच्छा आहे त्या गाइडना विचारायचं: आधीचे विद्यार्थी किती वर्षांत मोकळे झाले आणि आज कुठं आहेत. तिचे बाबा चादरीच्या कारखान्यात आहेत. त्यांना विचारायचं, माझ्या पैशाशिवाय घर किती महिने चालेल. हा तिसरा प्रश्न लिहून झाल्यावर ती थोडा वेळ गप्प बसली.

सोमवारी तिनं कंपनीला फोन केला. कोड वाचणाऱ्या इंजिनिअरशी बुधवारी बोलणं ठरलंय. नेटचा अर्जही तिनं भरून टाकलाय.