क्लच दाबून की न दाबता? बाईकच्या गिअरबद्दल माझा अनुभव

बाईकचा गिअर क्लच न दाबता टाकायची सवय लावून घ्यावी का, असं विचारणारे अधूनमधून भेटतात. मी दोन्ही करून पाहिलंय. आधी दीडेक वर्ष क्लचशिवाय, आता जवळपास तेवढेच दिवस क्लच दाबून.

क्लच न दाबता गिअर टाकला की गाडीची वाट लागते, असं मी म्हणणार नाही. लिव्हरखाली बूट अलगद टेकवून ठेवायचा आणि क्षणभर रेस सोडायची. गिअरच्या दात्यांवरचा ताण सुटतो, वरचा गिअर खट्कन बसतो. महागड्या बाईकमधला क्विकशिफ्टर हेच करतो, फक्त तो रेसला हात न लावता क्षणभर स्पार्क तोडतो. आमच्या कोल्हापूरजवळ शिरोलीहून कागलकडे हायवेला तिसऱ्याच्या पुढे ही पद्धत मला खरंच सुखाची वाटली. एकदा कागलजवळ क्लच वायर तुटली. गाडी न्यूट्रलला चालू केली, पायांनी ढकलत पहिला टाकला आणि तशीच उद्यमनगरात आणली. तेवढी विद्या अंगी असावी.

माझं मन उडालं ते पहिल्या-दुसऱ्याच्या मधल्या न्यूट्रलमुळे. आईला घेऊन पन्हाळ्याला निघालो होतो. वाघबीळच्या चढाला पुढं उसाची ट्रॉली, म्हणून पहिल्यावर आलो. वाट मिळाली तशी रेस सोडून बूट उचलला, पण दुसरा बसलाच नाही. इंजिन नुसतं ओरडतंय, चाकाला ओढ नाही, गाडी जागच्या जागी मंदावतेय. मागून ट्रकचा हॉर्न, आणि खांद्यावर आईची बोटं रुतलेली. दोन सेकंदांचा खेळ, झालं काहीच नाही. पण त्यानंतर प्रत्येक चढाला बूट उचलला की ‘लागला का?’ हा प्रश्न मनात यायचाच. क्लच दाबून टाकताना असं कधी झालंच नाही असं नाही, पण बोटांवर मोजण्याइतकं.

खालचे गिअर क्लचशिवाय टाकायला रेसचा अंदाज अचूक लागतो. मला तो कधी नीट जमला नाही, चेनला हिसका बसायचाच. महाद्वार रोडच्या गर्दीत तर ही पद्धत कामाचीच नाही, तिथं अर्धा क्लच धरूनच सरकावं लागतं.

झिजेचं आमच्या मिस्त्रींनी एका वाक्यात सांगितलं, “क्लच प्लेट गेली तर साईडचं कव्हर काढून बदलतोय, गिअरचे दाते गोल झाले तर अख्खं इंजिन फोडायला लागतंय.” माझ्या गाडीचे दाते गेले नव्हते, हे खरं. पण घाईत रेस पुरती न सोडता गिअर टाकण्याची चूक माझ्याकडून रोज होत होती.

तुमचं रोजचं जाणं सरळ हायवेचं असेल आणि हात बसलेला असेल, तर वरचे गिअर क्लचशिवाय टाकायला हरकत नसावी. मागं कोणी बसणार असेल, वाटेत चढ असेल, तर मी क्लचच दाबेन. सध्या तेच करतो, आणि सीटखाली एक जादा क्लच वायर ठेवतो.