खताची गोणी की शिवारातला कृषिसेवक: मलावी आणि इथिओपिया

२००३ साली मोझांबिकची राजधानी मापुतो येथे आफ्रिकी राष्ट्रांनी अर्थसंकल्पाचा किमान १० टक्के वाटा शेतीला देण्याचे ठरवले. ते पाळणारे देश थोडेच, पण त्यांतल्या मलावी आणि इथिओपिया यांचे मार्ग वेगळे होते.

मलावीने २००५च्या दुष्काळानंतर कूपनांवर स्वस्त खत आणि मक्याचे सुधारित बियाणे दिले. दोन गोण्या सायकलवर लादून घरी नेल्या की त्याच हंगामात कणसे भरतात, न्सिमासाठी, म्हणजे मक्याच्या पिठाच्या रोजच्या घट्ट लापशीसाठी, पीठ मिळते आणि (हेही खरे) सरकारला मतेही मिळतात. मात्र समुद्रकिनारा नसलेल्या या देशात खत बहुतांशी आयात करावे लागत असल्याने अनेक वर्षे शेतीखात्याचा निम्म्याहून अधिक पैसा त्यातच गेला आणि सिंचन मागे पडले. २०१६ साली पावसाने दगा दिला तेव्हा मक्याची टंचाई पुन्हा आलीच.

इथिओपियाने प्रत्येक केबेलेत, म्हणजे सर्वांत लहान प्रशासकीय विभागात, पीक, पशुधन आणि मृद्‌संधारणासाठी तीन कृषिसेवक नेमण्याचे धोरण स्वीकारले. उत्तरेकडच्या तिग्रे प्रदेशातल्या डोंगरउतारांवर गावकऱ्यांनी दगडी बांध घातले. फळ उशिरा मिळते, वरून आलेली उद्दिष्टे लादली जातात अशी तक्रारही आहे. तरी मला हाच मार्ग अधिक भरवशाचा वाटतो, कारण पाऊस लवकर थांबला तरी बांधाआडची ओल काही काळ टिकून राहते.