जुन्या रशेससाठी सोनी डीएसआर-११: घ्या, पण आधी ड्रमचे तास बघा

टीव्हीसाठी माहितीपट करणाऱ्याची आयुष्यभराची कमाई त्याच्या रशेसमध्ये, म्हणजे शूट केलेल्या कच्च्या फुटेजमध्ये, असते. सव्वीस मिनिटांची फिल्म वाहिनीकडे गेली की मास्टर टेप बहुधा तिकडेच राहते. न वापरलेल्या मुलाखती, आता हयात नसलेली माणसं, पाडलेल्या गिरण्या आणि धरणाच्या पाण्याखाली गेलेली गावं मात्र दिग्दर्शकाच्या कपाटात, मिनी डीव्ही आणि डीव्हीकॅम या डिजिटल व्हिडिओ कॅसेटांमध्ये पडून असतात. हा ठेवा बाहेर काढायला सोनीचा डीएसआर-११ हा छोटा डेक (कॅसेट चालवणारं यंत्र) आजही सगळ्यात सोयीचा आहे. नवा मिळत नाही, वापरलेलाच शोधावा लागतो.

त्याची मोठी सोय म्हणजे छोटी मिनी डीव्ही आणि मोठी डीव्हीकॅम, दोन्ही कॅसेटा त्यात बसतात. डीव्ही आणि डीव्हीकॅममधला फरक तो स्वतः ओळखतो. पाल (भारतातली) आणि एनटीएससी (अमेरिकेतली) या दोन्ही टीव्ही पद्धती चालतात. यातली कोणती निवडलीय ते टेप लावायच्या आधी तपासा. एचडीव्ही, म्हणजे तशाच कॅसेटवरचं एचडी रेकॉर्डिंग, मात्र त्यावर चालत नाही. एचडीव्हीची कॅसेट बाहेरून मिनी डीव्हीसारखीच असल्यामुळे चित्र आलं नाही की टेप मेली असं समजून ती टाकून दिली जाते. तसं करू नका, ती एचडीव्हीच्या डेकवर किंवा कॅमेऱ्यावर लावून बघा.

घेताना मेनूतलं ‘अवर्स मीटर’ उघडून ‘ड्रम रन’चा, म्हणजे टेप वाचणारा फिरता ड्रम किती तास चालला त्याचा, आकडा बघा. हजार तासांच्या आत असेल तर घ्यायला हरकत नाही. त्याच्या बराच पुढे गेला असेल तर ड्रमवरचं टेप वाचणारं हेड झिजलेलं असण्याची शक्यता धरूनच भाव करा. चकचकीत बॉडीवर जाऊ नका. स्वतःची एक टेप घेऊन जा आणि निदान वीस मिनिटं चालवून बघा. कॅसेट आत ओढून लगेच बाहेर टाकणारा डेक स्वस्तातही नको. लोडिंगची यंत्रणा दुरुस्त करणारे कारागीर आता फार थोडे उरलेत.

जोडणीत बहुतेक जण चुकतात. लाल-पांढऱ्या-पिवळ्या वायरी लावून स्वस्तातल्या यूएसबी कॅप्चर डोंगलने ‘डिजिटाइझ’ करू नका. टेपवरचा डेटा आधीच डिजिटल आहे. त्याचं ॲनालॉग करून पुन्हा कॉम्प्रेस केलं की चित्र दोनदा बिघडतं. डेकच्या मागच्या फायरवायर या डिजिटल जोडणीतून तोच डेटा जसाच्या तसा उतरतो. डेकच्या बाजूला चार पिनांचं टोक लागतं. मॅकवर नऊ पिनांची केबल, ॲपलचा फायरवायर ते थंडरबोल्ट २ अडॅप्टर आणि पुढे थंडरबोल्ट ३ ते २ अडॅप्टर अशी साखळी जुळवावी लागते. मॅकओएस २६ मध्ये फायरवायरचा आधारच काढून टाकलाय, तेव्हा एक जुना मॅक जुन्या सिस्टिमवरच राखून ठेवा. विंडोजच्या डेस्कटॉपला टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सची चिप असलेलं फायरवायर कार्ड लावावं.

सॉफ्टवेअर म्हणून डीव्हीरेस्क्यू वापरा. ते मोफत आहे, खराब फ्रेम नेमक्या दाखवतं आणि एकाच टेपचे दोन-तीन कॅप्चर जुळवून त्यातल्या चांगल्या फ्रेम एकत्र करतं. एका तासाच्या रशेसना सुमारे १३ जीबी जागा लागते, म्हणजे ४० मिनिटांच्या शंभर टेपा एक टेराबाइटच्या आत बसतात. इतक्या थोड्या जागेसाठी मूळ डीव्ही फाइलचं एच.२६४ (जास्त दाबलेलं, छोटं रूप) करून मूळ पुसणं हा शुद्ध अविचार आहे. कॅप्चर करताना वेळ वाचवता येत नाही, तासाच्या टेपला तासच लागतो. वर्षानुवर्षं पडून असलेली टेप आधी एकदा शेवटपर्यंत पुढे नेऊन पूर्ण मागे आणा, मग कॅप्चर करा.

चित्रात चौकोनी ठोकळे दिसले तर कोरडी क्लीनिंग कॅसेट दहा सेकंद चालवा. ती घासूनच साफ करते, म्हणून उठसूट वापरू नका. साफ करूनही एकाच कॅमेऱ्याच्या सगळ्या टेपांवर ठोकळे येत असतील तर बहुधा त्या कॅमेऱ्याचं अलाइनमेंट, म्हणजे हेडची बसवणूक, सरकलेली होती. तोच कॅमेरा चालू स्थितीत मिळाला तर त्याच्यातूनच फायरवायरने कॅप्चर करा. आवाज भलत्याच गतीने येत असेल तर रेकॉर्डिंग ३२ किलोहर्ट्झवर झालंय आणि सॉफ्टवेअर ४८ धरून चाललंय. नव्या एचडी टाइमलाइनवर हालचाल थरथरली तर फील्ड ऑर्डर, म्हणजे फ्रेमच्या दोन अर्ध्या भागांचा (फील्डचा) क्रम, बघा. पाल डीव्हीत खालचं फील्ड आधी येतं.

मुंबईत आणि कोकणात मोठा शत्रू बुरशी. कॅसेटच्या खिडकीतून टेपच्या गुंडाळीच्या कडेला पांढुरके ठिपके किंवा जाळी दिसली तर ती डेकमध्ये घालू नका. बुरशी ड्रमवर बसते आणि पुढच्या चांगल्या टेपांनाही लागते. अशा कॅसेटा वेगळ्या पिशवीत सिलिका जेलबरोबर ठेवा आणि टेप साफ करून देणाऱ्या जाणकाराकडे द्या.

व्यावसायिक एडिटिंगसाठी लागणारा आरएस-४२२ (डेक दुरून चालवायची जोडणी) कंट्रोल किंवा एक्सएलआर (व्यावसायिक आवाजाची जोडणी) यात नाही, पण कॅप्चरला त्यावाचून अडत नाही. हजारभर टेपा उतरवायच्या असतील, तर मात्र हा डेक एकट्याने ते ओझं पेलणार नाही. दुसरा डेक सुट्या भागांसाठी जवळ ठेवा. आणि सुरुवात ज्या मुलाखतीतला माणूस आज हयात नाही, त्या टेपेपासून करा.