ध्रुवीय बर्फाचा रोजचा आकडा : ‘सी आइस इंडेक्स’ या सेवेचे परीक्षण

उत्तर आणि दक्षिण ध्रुवाभोवतीच्या समुद्रावर आज किती बर्फ आहे, हे जाणून घ्यायचे असेल तर एखाद्या संशोधन संस्थेचे सदस्य असण्याची किंवा कोणतेही शुल्क भरण्याची आवश्यकता नाही. अमेरिकेतील बोल्डर येथील नॅशनल स्नो अँड आइस डेटा सेंटर ही संस्था ‘सी आइस इंडेक्स’ या नावाने ही माहिती रोज प्रसिद्ध करते, आणि ऑक्टोबर १९७८ पासूनची संपूर्ण आकडेवारी तिच्यासोबत खुली ठेवते. मी ही सेवा अनेक वर्षे नियमितपणे वापरत आलो आहे. हवामानबदलावरील लेखनात तिचे आकडे सतत उद्धृत होतात. परंतु ते आकडे कसे तयार होतात आणि कोणत्या प्रश्नाला ते उत्तर देऊ शकत नाहीत, याची चर्चा क्वचितच होते. म्हणून हे परीक्षण थोडे विस्ताराने लिहीत आहे.

प्रथम सेवेचे दर्शनी रूप पाहू. संस्थेच्या ‘चार्क्टिक’ या आलेखावर वर्षाचे दिवस आडव्या अक्षावर आणि हिमविस्तार उभ्या अक्षावर असतो. हवी ती वर्षे निवडली की त्यांच्या रेषा एकमेकींवर उमटतात, आणि रेषेवर माउसचा बाण नेला की त्या दिवसाचा आकडा दिसतो. पार्श्वभूमीला १९८१ ते २०१० या काळातील मध्यक आणि त्याभोवतीचा करडा पट्टा असतो, त्यामुळे एखादे वर्ष नेहमीच्या चढउतारात आहे की त्याबाहेर गेले आहे, हे एका दृष्टिक्षेपात कळते. ज्याला स्वतः हिशेब करायचा आहे त्याच्यासाठी दैनिक आणि मासिक आकड्यांच्या फाइली आहेत, आणि त्या साध्या स्प्रेडशीटमध्ये उघडतात. येथे एक बारकावा लक्षात ठेवावा लागतो. आलेखावरील रेषा मागील पाच दिवसांच्या सरासरीची असते, तर फाइलमधील दैनिक आकडा त्या एकाच दिवसाचा असतो. दोन्ही जुळत नाहीत म्हणून गोंधळून जाण्याचे कारण नाही.

या सेवेचे खरे मोल तिच्या मापनपद्धतीत आहे. ध्रुवीय प्रदेशात कित्येक महिने सूर्य उगवत नाही, आणि उगवतो तेव्हा आकाश बहुतेक वेळा ढगांनी भरलेले असते. म्हणून साधे छायाचित्र घेणारा उपग्रह तेथे वर्षभर उपयोगी पडत नाही. त्याऐवजी येथे पृष्ठभागातून आपोआप बाहेर पडणाऱ्या सूक्ष्मलहरी मोजल्या जातात. त्या अंधारातही निघत असतात आणि ढगांमधून बऱ्याच अंशी पार होतात. यातील नवलाची गोष्ट अशी की समुद्राचे पाणी बर्फापेक्षा उबदार असूनही या लहरींमध्ये ते अधिक ‘थंड’ दिसते, कारण पाण्याची उत्सर्जनक्षमता कमी असते आणि बर्फाची जास्त. शिवाय उघड्या पाण्याकडून येणाऱ्या उभ्या आणि आडव्या ध्रुवीकरणाच्या (म्हणजे कंपनाच्या दिशेच्या) लहरींत मोठी तफावत असते, बर्फाच्या बाबतीत ती थोडी असते. या दोन फरकांवरून नकाशाच्या प्रत्येक चौकटीत किती टक्के बर्फ आहे याचा अंदाज काढला जातो.

चौकटी साधारण २५ किलोमीटर लांब आणि तितक्याच रुंद असतात. ज्या चौकटीत बर्फाचे प्रमाण किमान १५ टक्के आहे तिचे सगळे क्षेत्र ‘विस्तारा’त धरले जाते, आणि ज्या चौकटीत ते १४ टक्के आहे तिचे काहीच धरले जात नाही. प्रथमदर्शनी हा नियम ओबडधोबड वाटतो. चौकटीत जितका बर्फ असेल तितकाच मोजून बेरीज का करू नये, असा प्रश्न कोणालाही पडेल. तशी बेरीज ही सेवा करतेही आणि तिला ‘क्षेत्रफळ’ म्हणते. तरीही मुख्य आकडा विस्ताराचाच देते, आणि माझ्या मते हा निर्णय योग्य आहे. उन्हाळ्यात बर्फाच्या पाठीवर वितळलेल्या पाण्याची उथळ तळी साचतात. उपग्रहाला ते तळ्याचे पाणी आणि समुद्राचे उघडे पाणी वेगळे ओळखता येत नाही. समजा एका चौकटीत खरोखर ९० टक्के बर्फ आहे, परंतु तळ्यांमुळे तो ६० टक्के भासला. क्षेत्रफळाच्या बेरजेत या चौकटीचा एकतृतीयांश बर्फ नाहीसा होतो, विस्ताराच्या आकड्यावर मात्र काहीच परिणाम होत नाही, कारण ६० हा आकडाही १५ पेक्षा जास्तच आहे. म्हणजे जो आकडा वरकरणी कमी काटेकोर आहे तोच उन्हाळ्यात अधिक भरवशाचा ठरतो. ही गोष्ट समजून घेतल्यावर वर्तमानपत्रातील अनेक बातम्या मी नव्याने वाचल्या. त्यांतील काहींत विस्तार आणि क्षेत्रफळ हे शब्द सरमिसळ करून वापरलेले होते.

दुसरी अडचण ध्रुवाजवळची आहे. हे उपग्रह दोन्ही ध्रुवांच्या नेमके वरून जात नाहीत, त्यामुळे उत्तर ध्रुवाभोवती एक वर्तुळ कायमचे न पाहिलेले राहते. १९८७ पर्यंतच्या पहिल्या उपकरणाच्या काळात ते सुमारे ११.९ लाख चौरस किलोमीटर होते, पुढे सुमारे ३.१ लाख झाले, आणि २००८ पासून केवळ २९ हजारांच्या आसपास आहे. विस्तार मोजताना हे वर्तुळ बर्फाने व्यापलेले आहे असे धरतात. क्षेत्रफळाच्या आकड्यांत मात्र ते धरलेलेच नाही. म्हणून उत्तरेकडील क्षेत्रफळाच्या जुन्या आणि नव्या आकड्यांची थेट तुलना केली तर मोजणीतील बदलामुळे पडलेली पायरी निसर्गातील बदल वाटू शकते. सेवेच्या मार्गदर्शिकेत याची स्पष्ट सूचना आहे. परंतु ती वाचण्याचे कष्ट घेतल्याशिवाय कोणीही क्षेत्रफळाची फाइल उतरवून आलेख काढू नये.

किनाऱ्यालगतच्या चौकटींत जमीन आणि पाणी मिसळल्यामुळे खोटा बर्फ दिसतो, वादळी वाऱ्याने खवळलेले पाणीही कधी बर्फासारखे भासते, आणि नुकताच गोठलेला पातळ थर अनेकदा कमी मोजला जातो. या चुका कमी करण्यासाठी गाळण्या लावलेल्या आहेत, पण त्या पूर्णपणे जात नाहीत. मग अशा सेवेवर विश्वास का ठेवावा? माझे उत्तर असे आहे की येथे एकच मोजपट्टी चार दशकांहून अधिक काळ शक्य तितकी तीच ठेवली गेली आहे. चूक असलीच तर ती दरवर्षी जवळपास सारखी असते, आणि म्हणून एका सप्टेंबरची दुसऱ्या सप्टेंबरशी केलेली तुलना टिकते. १९७८ च्या निम्बस-७ उपग्रहावरील उपकरण दिवसाआड नोंद घेत असे; १९८७ पासून अमेरिकी संरक्षण खात्याच्या हवामान उपग्रहांची मालिका सुरू झाली. एक उपग्रह निवृत्त होताना दुसऱ्याच्या नोंदी काही काळ सोबत घेऊन दोन्ही एकमेकांशी जुळवल्या गेल्या. हे काम कंटाळवाणे आणि अप्रसिद्ध असते, परंतु याच्याच आधारावर संपूर्ण इमारत उभी आहे.

चूक झाली तर ती सांगण्याची पद्धतही मला महत्त्वाची वाटते. फेब्रुवारी २००९ मध्ये वापरात असलेल्या एका उपग्रहाचा संवेदक बिघडत गेला आणि आर्क्टिकचा विस्तार सुमारे पाच लाख चौरस किलोमीटरने कमी दिसू लागला. संस्थेने तसे जाहीर केले, कारण सांगितले आणि दुसऱ्या उपग्रहाच्या नोंदी वापरून आकडे दुरुस्त केले. एप्रिल २०१६ मध्येही संवेदकातील दोषामुळे दैनिक आकडे काही काळ थांबवावे लागले. मोजणाऱ्याने आपल्या मापनातील दोष स्वतः सांगावेत, ही विज्ञानाची साधी अपेक्षा आहे, आणि ती येथे पाळली जाते.

मात्र एक गोष्ट ही सेवा सांगूच शकत नाही, आणि ती म्हणजे बर्फाची जाडी. अनेक वर्षे टिकलेला तीन मीटर जाडीचा बर्फ आणि याच हिवाळ्यात गोठलेला एक मीटरचा बर्फ विस्ताराच्या आकड्यात सारखेच मोजले जातात. जाडीसाठी २०१० मध्ये सोडलेल्या युरोपीय क्रायोसॅट-२ आणि २०१८ मध्ये सोडलेल्या अमेरिकी आइससॅट-२ या उपग्रहांकडे वळावे लागते. पहिला रडारने आणि दुसरा लेसरने पाण्याच्या पातळीवर डोकावणारी उंची मोजतो. बर्फाचा बहुतांश भाग पाण्याखाली असल्यामुळे या उंचीतील काही सेंटिमीटरची चूक जाडीत कित्येक पटींनी वाढते. त्यातच वर साचलेल्या हिमाचा भार किती, हे ठाऊक असावे लागते. २०१९ च्या सप्टेंबरमध्ये निघालेले जर्मन जहाज पोलारस्टर्न बर्फात मुद्दाम अडकवून सुमारे वर्षभर वाहू देण्यात आले, त्या मोझेक मोहिमेत संशोधकांनी प्रत्यक्ष बर्फावर उतरून हिमाची खोली, बर्फाची जाडी, खालचे पाणी आणि वरची हवा एकाच वेळी मोजली. अवकाशातून येणाऱ्या आकड्यांना जमिनीवरचा, किंबहुना बर्फावरचा, असा आधार मिळाला नाही तर त्यांचा अर्थ लावणे कठीण आहे. इंडेक्सच्या वाचकाने हे नाते ध्यानात ठेवावे.

आलेख वाचताना होणाऱ्या दोन चुकांविषयी लिहिणे आवश्यक वाटते. आर्क्टिकमधील आजवरचा सर्वांत कमी विस्तार सप्टेंबर २०१२ मध्ये, सुमारे ३४ लाख चौरस किलोमीटर, नोंदला गेला आणि २०२५ पर्यंत तो मोडला गेला नाही. यावरून बर्फ सावरला असा निष्कर्ष काही जण काढतात. परंतु २००७ ते २०२५ या काळातील प्रत्येक वर्षाचा नीचांक हा २००७ पूर्वीच्या उपग्रहकाळातील कोणत्याही वर्षाच्या नीचांकापेक्षा खालीच आहे. शिवाय २०१२ च्या ऑगस्टमध्ये आर्क्टिकवर एक प्रबळ चक्रीवादळ येऊन गेले होते. एका वर्षाच्या टोकाच्या बिंदूत हवेचा वाटा मोठा असतो. वारा बर्फ पसरवतो तसा दाबून एकत्रही करतो, आणि न वितळताही विस्तार बदलतो.

दक्षिणेची कथा निराळी आहे. आर्क्टिक हा जमिनीने वेढलेला समुद्र आहे, तर अंटार्क्टिका ही समुद्राने वेढलेली जमीन. तेथील बर्फाला उत्तरेकडे पसरायला मोकळे पाणी मिळते आणि उन्हाळ्यात त्याचा बहुतेक भाग नाहीसा होतो. तेथील विस्तार २०१४ च्या सप्टेंबरमध्ये दोन कोटी चौरस किलोमीटरच्या वर गेला होता, आणि २०२३ च्या सप्टेंबरमधील उच्चांक मात्र जेमतेम १ कोटी ७० लाखांपर्यंत पोहोचला. त्याच वर्षी फेब्रुवारीत नीचांक सुमारे १७ लाख ९० हजार इतका खाली आला होता. २०१४ पर्यंतची चढती रेषा पाहून कोणी ठाम भाकीत केले असते तर ते दोनच वर्षांत चुकले असते. मी या आलेखाकडून शिकलो ते हे, की उत्तरेच्या दीर्घ घसरणीविषयी तो ठामपणे बोलू देतो आणि दक्षिणेविषयी सावधपणे बोलायला लावतो.

सुरुवातीच्या काळात मी एका संस्थेचा कालचा आकडा आणि दुसऱ्या संस्थेचा आजचा आकडा शेजारी ठेवून मोठी घट झाल्याचे समजलो होतो. जपानी एएमएसआर-२ या उपकरणावर आधारित ब्रेमेन विद्यापीठाचे नकाशे कितीतरी बारीक चौकटींचे असतात, त्यामुळे किनाऱ्याची आणि हिमकडेची (जेथे बर्फ संपून उघडे पाणी सुरू होते त्या सीमेची) मोजणी मुळातच वेगळी येते. ज्याला आज हिमकडा नेमकी कोठे आहे हे पाहायचे आहे त्याने असे बारीक नकाशे, किंवा विश्लेषकांनी अनेक उपग्रहांच्या प्रतिमा पाहून तयार केलेला चार किलोमीटरचा ‘मासी’ हा नकाशा वापरावा. जहाज हाकण्यासाठी इंडेक्स वापरणे चुकीचे आहे. उलट ‘मासी’वरून चाळीस वर्षांचा कल काढणेही चुकीचेच, कारण त्यात उपलब्ध प्रतिमा आणि विश्लेषकाचा निर्णय दिवसागणिक बदलतो.

आता काळजीचा विषय. संरक्षण खात्याच्या ज्या उपग्रहांवर ही मालिका दीर्घकाळ अवलंबून होती, त्यांच्या नोंदींचा पुरवठा जून २०२५ अखेर थांबवण्याचे जाहीर झाले आणि नंतर ती मुदत पुढे ढकलली गेली. त्या काही आठवड्यांत आम्हां नियमित वापरकर्त्यांना प्रथमच जाणवले की रोज सहज उघडणारा हा आलेख किती थोड्या, वृद्ध उपकरणांवर टेकलेला आहे. एएमएसआर-२ चांगले आहे, परंतु तेही २०१२ मध्ये सोडलेले आहे. मालिकेत खंड पडला तर नंतर कितीही उत्तम उपकरण आले तरी जुन्या आणि नव्या नोंदी एकत्र जुळवण्यासाठी लागणारा समान काळ परत मिळवता येत नाही.

शिक्षक, पत्रकार आणि हवामानाविषयी गांभीर्याने वाचणारा कोणीही, या सर्वांना मी ही सेवा निःसंकोचपणे सुचवेन. सुरुवात मासिक विस्ताराच्या फाइलपासून करावी, त्यातही उत्तरेचा सप्टेंबर आणि दक्षिणेचा फेब्रुवारी व सप्टेंबर हे तीन स्तंभ आधी पाहावेत, आणि दैनिक आकड्यांकडे मार्गदर्शिकेतील ध्रुवाभोवतीच्या वर्तुळाचे व १५ टक्क्यांच्या मर्यादेचे प्रकरण वाचून झाल्यावरच वळावे.